प्लग काढून बघा

चेतक-प्रियाच्या काळात आमच्या बीड जिल्ह्यात शाळामास्तरापासून दूधवाल्यापर्यंत बहुतेकांना एक काम यायचं, प्लग काढणं. डिकीत प्लगपाना, एखादा जुना प्लग आणि पॉलिश पेपरचा तुकडा असायचाच. टू-स्ट्रोक इंजिन, पेट्रोलमध्ये ऑइल मिसळलेलं. ते जळून प्लगवर काजळी धरायची, गॅपमध्ये कचरा अडकायचा आणि गाडी मध्येच बसायची. मग बाभळीच्या सावलीला थांबायचं, प्लग काढून घासायचा, टोपीत घालून हेडला टेकवायचा आणि किक मारून ठिणगी बघायची. निळी, कडक ठिणगी पडली की पुढचा रस्ता मोकळा. वाळूजला १९८५ मध्ये बजाजचा कारखाना उभा राहिला, तेव्हापासून तर स्कूटर आम्हाला घरचीच वाटायला लागली.

आता त्याच घरांसमोर वॅगनआर, स्विफ्ट, ईको उभ्या आहेत. बॉनेट उघडलं की वर काळं प्लास्टिकचं झाकण, खाली वायरींचं जाळं. माणूस बघतो आणि बॉनेट परत लावतो. मी बीडला बार्शी नाक्याजवळ पेट्रोल गाड्यांचं काम करतो. गिऱ्हाईक म्हणतं, "उस्ताद, चारी प्लग नवे टाका, जुने देऊन टाका भंगारात." मला हे पटत नाही. नवा साधा प्लग शंभर-दोनशे रुपयांना कुठल्याही दुकानात मिळतो. सांगण्यासारखं जे काही आहे ते जुन्या प्लगजवळ आहे. सिलिंडरच्या आत, थेट जाळात वर्षानुवर्षं बसलेला आणि तरीही अर्ध्या तासात हातात घेता येणारा मोटारीचा दुसरा भाग नाही. घरी प्लग बदलावेत ते मजुरी वाचते म्हणून नव्हे, आपलं इंजिन आतून कसं आहे ते आपल्या डोळ्यांनी बघता येतं म्हणून.

(डिझेल गाडीला हा प्लग नसतो. तिथे दाबानेच इंधन पेटतं. जीप-ट्रॅक्टरला असतो तो हीटर प्लग, त्याचं काम निराळं.)

प्लगला काय सोसावं लागतं ते आधी ध्यानात घ्यावं. बॅटरीचे १२ व्होल्ट कॉइलमध्ये वाढून वीस हजारांच्या वर जातात आणि एक मिलिमीटरच्या फटीतून उडी मारतात. चार-स्ट्रोक इंजिन मिनिटाला अडीच हजार फेरे घेत असेल, तर एकेक प्लग मिनिटाला साडेबाराशे वेळा पेटतो. ताशी पन्नासच्या सरासरीने ४०,००० किलोमीटर धरले, तर एका प्लगच्या वाट्याला सहा कोटी ठिणग्या येतात. वर पांढरी चिनीमाती दिसते ती साधी नसते, अॅल्युमिनाची असते. तिला एकीकडून वीज अडवायची आणि दुसरीकडून आच सोसायची. स्टुटगार्टला रॉबर्ट बॉश यांच्या कारखान्यात गोटलोब होनोल्ड या अभियंत्याने १९०२ मध्ये उच्च व्होल्टेजचा मॅग्नेटो आणि त्याला जोडीचा प्लग तयार केला. तेव्हापासून आजपर्यंत मूळ रचना तीच आहे. बॉशच्याच संबंधातून १९५१ मध्ये बंगळुरूला मायको कंपनी निघाली, आणि जुन्या फिटरांच्या तोंडी प्लग म्हणजे 'मायको' हे समीकरण कायमचं बसलं.

प्लगच्या टोकाचं तापमान साधारण ४५० ते ८५० अंश सेल्सिअसच्या मध्ये राहिलं पाहिजे. त्याच्या खाली राहिलं की काजळी जळून जात नाही, साचत जाते. फार वर गेलं की टोकच निखारा होतं आणि ठिणगीच्या आधी मिश्रण पेटवतं. म्हणून प्लगला हीट रेंजचा नंबर असतो. इथे एक घोळ नेहमी होतो: एनजीकेचा नंबर जितका मोठा तितका प्लग थंड, आणि बॉशचा नंबर जितका मोठा तितका गरम. दुकानदार 'ह्याच्या ऐवजी हा चालतो' म्हणून दुसऱ्या कंपनीचा हातात ठेवतो तेव्हा नुसते आटे आणि लांबी जुळून भागत नाही. गाडीच्या पुस्तकात दिलेला नंबर कागदावर उतरवून न्या आणि तोच मागा. बदलण्याचा पल्लाही पुस्तकातच बघा. साध्या निकेल प्लगचा तीस-चाळीस हजार किलोमीटरच्या आसपास असतो, इरिडियमचा लाखाच्या घरात.

प्रत्यक्ष कामाला इंजिन पूर्ण थंड हवं. ही अट आमच्याकडे मे महिन्यात पहाटेशिवाय पाळता येत नाही. हेड अॅल्युमिनियमचं असतं, आटे नाजूक असतात. गरम हेडमधून प्लग ओढला तर आटे बरोबर घेऊनच येतो. किल्ली काढून ठेवा. कॉइल प्लगच्या डोक्यावरच बसलेली असेल तर कनेक्टरचं लॉक दाबून तो सोडवा, बोल्ट काढा आणि कॉइल आधी अर्धा फेरा फिरवून मग सरळ वर घ्या. जुन्या मारुती ८०० सारख्या गाडीला प्लगच्या वायरी असतात. तिथे एका वेळी एकच वायर काढा, म्हणजे क्रम चुकणार नाही. वायर धरून ओढू नका, रबरी टोपी धरा.

आता खरी जपणूक. प्लग ज्या खड्ड्यात बसलेला असतो त्यात आमच्या भागातली माती साचलेली असते. उसाच्या ट्रॅक्टरमागून चार महिने चाललेल्या गाडीत तर बोटभर. ती न काढता प्लग सोडला की सगळी सिलिंडरमध्ये पडते आणि पिस्टनला ओरखडे पाडते. गॅरेजला आम्ही कॉम्प्रेसरची हवा मारतो, घरी सायकलचा पंप पुरतो. डोळे सांभाळा. प्लग अर्धा फेरा सैल करा, पुन्हा हवा मारा, मगच पूर्ण काढा. जुन्या मारुतीला २१ची गोटी लागते, आताच्या बहुतेक गाड्यांना १६ची, काहींना १४ची. आत रबर किंवा लोहचुंबक असलेली प्लगचीच गोटी घ्या. खड्ड्यात ऑइल दिसलं तर टॅपेट कव्हरचं पॅकिंग किंवा प्लगच्या नळीची सील गेलेली आहे. ते काम आधी करून घ्या, नाहीतर नवी कॉइलसुद्धा त्या ऑइलात खराब होईल.

काढलेले प्लग खिशात टाकू नका. पुठ्ठ्याला भोकं पाडा, १-२-३-४ लिहा, ज्या सिलिंडरचा प्लग त्याच भोकात उभा करा. चारही शेजारी शेजारी उभे राहिले की वाचायला बसा.

टोक फिक्या तांबूस किंवा करड्या रंगाचं असेल तर तिथे सगळं ठीक चाललंय. चारही कोरडे काळे असतील तर पेट्रोल जास्त जातंय किंवा हवा कमी. आमच्याकडे दहातल्या आठ वेळा एअर फिल्टर मातीने चोंदलेला निघतो. नवे प्लग टाकण्याआधी तो झटका. एकच काळा आणि तेलकट असेल तर त्या एकाच सिलिंडरमध्ये ऑइल येतंय, रिंग किंवा व्हॉल्व्हच्या सीलकडे बघावं लागेल. आणि हे कळायला हेड उघडावं लागलेलं नाही! एकच पेट्रोलने ओला असेल तर तिथे ठिणगीच पडत नाही. त्याची कॉइल शेजारच्या सिलिंडरला लावून बघा. बिघाड कॉइलबरोबर सरकला तर दोष कॉइलचा. स्कॅनर असेल तर आधी पी-०३०२ दाखवणारा कोड पी-०३०३ होतो, इतकं ते सरळ आहे. टोक पांढरंफटक, त्यावर बारीक फोड किंवा वितळलेले मणी असतील तर मात्र गाडी चालवू नका. मिश्रण पातळ आहे, नाहीतर इंजिन तापतंय, नाहीतर प्लग चुकीच्या नंबरचा आहे. विटकरी लाल थर दिसला तर पेट्रोलमध्ये काहीतरी मिसळलेलं जातंय, पंप बदलून बघा.

एक खूण मात्र उगाच घाबरवते. चिनीमाती जिथे लोखंडी अंगात शिरते तिथे बाहेरून तपकिरी कडं दिसतं. लोक म्हणतात गॅस लीक होतोय. तसं नसतं. उच्च व्होल्टेजच्या ओढीने हवेतले ऑइलचे कण तिथे चिकटतात, एवढंच. त्याने काही बिघडत नाही.

मधल्या इलेक्ट्रोडच्या कडा नखाने चाचपून बघा. नव्याच्या कडा धारदार असतात, जुन्याच्या गोल झालेल्या. ठिणगीला धारदार कड सोपी जाते. गोल झालेली कड आणि वाढलेला गॅप मिळून कॉइलला जास्त व्होल्टेज मागतात. पॉलिश पेपरने घासून चेतकच्या प्लगचं आयुष्य वाढायचं, इरिडियमचं मरतं. त्याचं टोक जेमतेम अर्धा मिलिमीटर जाड असतं. तारेचा ब्रशही नको, तो चिनीमातीवर धातूच्या रेघा सोडतो आणि वीज त्या रेघांवरून निसटते. आणि हेडला टेकवून ठिणगी बघण्याचा जुना प्रयोग आताच्या गाडीवर करू नका. कॉइल आणि कॉम्प्युटर दोन्ही जाऊ शकतात, पेट्रोलची वाफ पेटू शकते ते वेगळंच.

नवा प्लग घेताना खोका हातात घेऊन दुकानातच उघडा. बनावट माल आमच्या बाजारात भरपूर आहे, आणि मला या धंद्यात सर्वात जास्त चीड त्याची येते. शंभर रुपयांच्या वस्तूसाठी माणसाचं इंजिन पणाला लावलं जातं. खऱ्या प्लगचे आटे गुळगुळीत असतात, चिनीमातीवरची छपाई स्वच्छ असते, मधला इलेक्ट्रोड बरोबर मध्ये असतो, वॉशर निसटून हातात येत नाही.

बसवण्याची माझी रीत अशी. पेट्रोल पाइपचा वीतभर तुकडा प्लगच्या डोक्यावर चढवायचा आणि त्यानेच प्लग खड्ड्यात उतरवून बोटांनी फिरवायचा. आटा सरळ बसला तर प्लग सहज आत जातो, वाकडा लागला तर रबर घसरतं आणि हेड वाचतं. प्लग वरून सोडून देऊ नका, आपटून गॅप मिटतो. बोटांनी फिरायचा थांबला की गोटीने नव्या वॉशरच्या प्लगला साधारण अर्धा फेरा, बस्स. टॉर्क पाना असेल तर पुस्तकातला आकडा लावा. आट्यांना ग्रीस किंवा ऑइल लावू नका. ते लावलं की त्याच जोरात प्लग जास्त आवळला जातो. सोडताना प्लग करकरत अडत असेल तर जोर करू नका, गाडी घेऊन या. आटे गेले तर हेडला बुश मारावा लागतो, आणि तो खर्च सगळ्या प्लगांपेक्षा किती तरी मोठा असतो.

दिवाळीत पुण्या-चाकणहून गावी येणाऱ्या सीएनजी गाड्यांची तक्रार आता ठरलेली आहे: "सपाटीला पळतीय, घाटात झटके द्यायलीय." कारण प्लगच असतो. चढाला अॅक्सिलरेटर दाबला की सिलिंडरमध्ये हवा जास्त भरते, दाब वाढतो, आणि दाबातून उडी मारायला ठिणगीला जास्त व्होल्टेज लागतं. सीएनजी पेट्रोलपेक्षा मुळातच जड पेटतो. म्हणून झिजलेला प्लग पेट्रोलवर निभावून नेतो आणि गॅसवर हरतो. सीएनजी गाडीचे प्लग लवकर बघा. गॅप गाडीच्या पुस्तकाप्रमाणेच ठेवा. बाहेरून किट बसवलेल्या गाडीला तो थोडा कमी ठेवतात, तो आकडा किट बसवणाऱ्याकडून लिहून घ्या.

आणि आता वीस टक्के इथेनॉलचं पेट्रोल आलंय. दसरा-दिवाळीला आमच्या जिल्ह्यातली माणसं कोयते घेऊन ज्या उसाच्या फडांवर जातात, त्याच उसाची मळी आणि रस या इथेनॉलमध्ये आहे. इथेनॉल काजळी कमी करतं, त्यामुळे प्लगचं टोक पूर्वीपेक्षा फिकं निघतं. फिका रंग दिसला की लगेच 'मिश्रण पातळ' असा निकाल देण्याची आमची जुनी सवय त्यामुळे आवरावी लागते. रंगापेक्षा फोड आणि मणी आहेत का ते बघावं.

सगळं बसवून झालं की गाडी जागेवर दहा मिनिटं चालू ठेवून समाधान मानू नका. जागेवर तर खराब प्लगही गुमान चालतो. बीडकरांनी मांजरसुंब्याचा घाट धरावा, केज-माजलगावकडच्यांनी धारूरचा. गाडी तिसऱ्या गिअरमध्ये ठेवून चढाला एकसारखा दाब द्या, रेडिओ बंद, काचा खाली. झटका नाही, आवाज तुटत नाही, इंजिनचा पिवळा दिवा लागत नाही, तर काम झालं. दिवा लागून राहिला तर परत येऊन कनेक्टर नीट बसलेत का बघा. दिवा लुकलुकायला लागला तर मात्र पाय काढा आणि कडेला थांबा. एखाद्या सिलिंडरमध्ये पेट्रोल न जळता सायलेन्सरकडे जातंय आणि तिथला कॅटॅलिटिक कन्व्हर्टर जळेल. थांबल्यावर आधी शेवटी हात लावलेली कॉइल दाबून बघा. बहुतेक वेळा तीच अर्धवट बसलेली असते.