वजडीला परंपरा कोण म्हणणार?

आपल्याकडे स्वयंपाकाला ‘पारंपरिक’ हा शब्द लावला की ताटाचं चित्र आधीच ठरलेलं असतं. डावीकडे मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर. उजवीकडे भाजी, आमटी. मध्ये वरणभाताची मूद आणि तिच्यावर तूप. सण असला तर पुरणपोळी. हे ताट महाराष्ट्रातल्या किती घरांत रोज वाढलं जात होतं, हे कुणी विचारत नाही. पाहुण्याला ‘आपलं महाराष्ट्रीय जेवण’ म्हणून हेच दाखवायचं, शाळेच्या पुस्तकात हेच छापायचं, हॉटेलच्या पाटीवर हेच रंगवायचं. राज्यातल्या मूठभर जातींचं जेवण अख्ख्या राज्याची परंपरा कसं झालं, याचं उत्तर पाककृतीत सापडणार नाही, ते जातीत शोधावं लागतं.

हा विचार डोक्यात जुनाच होता, पण त्याला धार आली ती प्रागमध्ये, हातात सुरी आणि समोर पाटावर वजडी असताना.

मी अंबडला (नाशिकचं अंबड, जालन्याचं नव्हे) एका कारखान्यात क्वालिटी विभागात काम करतो. चेक देशात ब्रनो शहरात दरवर्षी यंत्रसामग्रीचं मोठं प्रदर्शन भरतं. तिथे कंपनीने दोघांना पाठवलं, आमचे एक साहेब आणि मी. परतीच्या आधी प्रागमध्ये एक दिवस मोकळा होता. ज्यांची यंत्रं बघायला गेलो होतो त्यांनी पाहुण्यांसाठी चार तासांचा ‘पारंपरिक चेक स्वयंपाक’ असा वर्ग ठरवून ठेवला होता. साहेबांनी नाशिकहूनच ईमेल करून विचारलं होतं, शाकाहाराची सोय आहे ना? होती. त्यांना चीजचा जाड तुकडा ब्रेडच्या चुऱ्यात घोळवून तळायला शिकवणार होते. तो पदार्थ तिथे घरोघरी खातात, साहेबांसाठी शोधून काढलेला नव्हता. पण साहेबांनी तो खाताना ‘बिचारे, यांच्याकडे व्हेजमध्ये काहीच नसतं’ असं दोनदा म्हणून घेतलं.

बाकीच्यांसाठी तीन गोष्टी होत्या: द्रश्त्कोवा नावाचं सूप, स्विच्कोवा, आणि तिच्याबरोबर खायचे क्नेडलिक.

द्रश्त्कोवा म्हणजे वजडीचा रस्सा. दुसरं काही नाही. वजडी आधीच धुऊन, उकडून आणलेली होती. आम्ही ती बोटभर लांबीच्या पट्ट्यांत कापली. डुकराच्या चरबीत कांदा परतला, त्यात गोड्या लाल मिरचीची पूड, थोडं पीठ, मग उकडलेल्या वजडीचं पाणी, वजडी, लसूण आणि शेवटी हातावर चोळून टाकलेली वाळकी मार्जोरमची पानं. तिखट आणि काळा मसाला नाही, एवढाच फरक. शिकवणाऱ्या बाई पन्नाशीच्या होत्या. त्या सहज म्हणाल्या, हे माझ्या आजीचं सूप आहे, आजही प्रागच्या खानावळींत मिळतं, रात्री बिअर जास्त झाली तर सकाळी हेच पितात. पाच-सहा देशांचे पाहुणे माना डोलवत वहीत लिहून घेत होते.

मला आई आठवली. अंबडला आम्ही भाड्याच्या खोलीत राहायचो तेव्हा रविवारी वजडी आणली की आई आधी खिडकी लावून घ्यायची, मग चूल पेटवायची. घरमालकाने खोली देताना ‘मच्छी-मटण चालणार नाही’ असं सांगितलेलं होतं. मटणाची हौस आम्हाला परवडत नव्हतीच. पण वजडीचा वास मटणापेक्षा लांब जातो, आणि त्या वासाला जात असते. कोण राहतं हे घरमालकाला आडनावावरून कळायच्या आधी वासावरून कळतं. म्हणून खिडकी. जेवून झालं की आई उदबत्ती लावायची. आमच्या घरात देव नव्हते, बाबासाहेबांचा आणि बुद्धाचा फोटो होता, पण ती उदबत्ती फोटोसाठी नव्हती.

एकाच प्राण्याचं एकच पोट. तिथे आजीचा वारसा आणि इथे खिडकी लावून खायची वस्तू. हा फरक चवीचा नाही.

स्विच्कोवा म्हणजे गोमांस. गाजर, सेलरीचा कंद, कांदा, तमालपत्र, मिरी, ऑलस्पाइस यांच्याबरोबर ते मुरवायचं (बाईंनी आदल्या दिवशीच मुरवून ठेवलं होतं), भाजायचं, मग त्याच भाज्या वाटून साय घालून दाट रस्सा करायचा. वर लिंबाची चकती, क्रॅनबेरीचा मुरंबा आणि घुसळलेली साय. नावाप्रमाणे त्यात जनावराच्या कमरेचा मऊ, महाग भाग हवा, पण सामान्य घरांत मांडीचं स्वस्त मांसच घालतात. त्याला मऊ करायचं काम मुरवण्याने आणि सावकाश शिजवण्याने होतं. गरिबाच्या स्वयंपाकात वेळ हाच मोठा मसाला असतो.

क्नेडलिक मला सगळ्यांत आवडले. भरड मैदा, दूध, यीस्ट, अंडं, आणि त्यात शिळ्या पावाचे तुकडे. मळून, फुगवून लांबट गोळा करायचा, वीस मिनिटं उकळत्या पाण्यात सोडायचा. बाहेर काढल्यावर लगेच टोचून वाफ सोडायची. कापायला सुरी नाही, शिवणाचा दोरा. दोरा खालून घालायचा, वर आणून टोकं एकमेकांना ओलांडून ओढायची, की न चिरडता वडी पडते. उरलेले क्नेडलिक दुसऱ्या दिवशी अंडं फोडून परततात. आपल्याकडच्या फोडणीच्या भाकरीची ही सख्खी बहीण. शिळं फेकायचं नाही हे दोन्हीकडच्या कष्टकऱ्यांना कुणी शिकवावं लागलं नाही.

बाईंनी झबियाच्काबद्दलही सांगितलं. हिवाळ्यात खेड्यात घरचं डुक्कर कापतात, शेजारीपाजारी मदतीला येतात. रक्ताचं आणि जवाचं सूप होतं, रक्त भरून आतड्याचे सॉसेज होतात, चरबी कढवून बरण्यांत भरतात, कढवल्यावर उरलेले कुरकुरीत तुकडे पावावर खातात. म्हणजे आपली रक्ती, मुंडी, खूर, आतडी. आणि हे सांगताना बाईंच्या चेहऱ्यावर कुठेही ओशाळलेपण नव्हतं.

हे आपोआप झालेलं नाही. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिथे ऑस्ट्रियाच्या सम्राटाचं राज्य होतं. शहरातले प्रतिष्ठित लोक जर्मन बोलत, चेक ही नोकराचाकरांची भाषा समजली जाई. त्या काळात माग्दालेना दोब्रोमिला रेत्तिगोवा या बाईने १८२६ साली चेक भाषेत स्वयंपाकाचं पुस्तक काढलं. पुस्तक मध्यमवर्गीय घरांसाठी होतं, पण भाषा चेक होती आणि मुद्दा स्वाभिमानाचा होता. एखाद्या समाजाला आपलं जेवण ‘आपलं’ म्हणून छापील अक्षरात वाचायला मिळतं तेव्हा काय होतं, हे त्या पुस्तकाच्या लोकप्रियतेवरून कळतं.

आपल्याकडे हे काम फार उशिरा झालं. पुणे विद्यापीठाच्या क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले स्त्री अभ्यास केंद्राने शर्मिला रेगे यांच्या पुढाकाराने दलित स्त्रियांच्या अन्नाच्या आठवणींवर २००९ मध्ये काम केलं. मग २०१५ साली शाहू पाटोळे यांचं ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ आलं. मराठवाड्यातल्या महार-मांगांचं जेवण त्यात पाककृतींसह नोंदवलेलं आहे. ‘पूर्णब्रह्म’ म्हणणाऱ्यांनी कुणाचं अन्न मोजलंच नव्हतं, हे शीर्षकातच आलं. ज्यांनी वाचलं नसेल त्यांनी वाचावं, आणि वाचून लपवू नये.

आता इथे एक आक्षेप येतो, आणि तो आपल्याच लोकांकडून येतो. बाबासाहेबांनी तर मांस सोडायला सांगितलं होतं, मग तुम्ही वजडीचं कौतुक कसलं करता? हा आक्षेप नीट समजून घ्यायला हवा. मार्च १९२७ च्या महाड परिषदेत बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचं मांस सोडायला सांगितलं, उष्टं-शिळं मागणं सोडायला सांगितलं. मुद्दा मांसाचा नव्हता, ‘मेलेल्या’ या शब्दाचा होता. गावचं मेलेलं ढोर ओढणं ही जातीने लादलेली सक्ती होती आणि ते मांस खाणं ही त्या सक्तीची मजुरी होती. ती नाकारल्यावर गावोगावी बहिष्कार पडले, म्हणजे समोरच्यांनाही हा प्रश्न आहाराचा नसून हुकमतीचा आहे हे पक्कं ठाऊक होतं. पुढे १९४८ च्या ‘द अनटचेबल्स’मध्ये बाबासाहेबांनी गोमांसाचा आणि अस्पृश्यतेचा संबंध उलगडून दाखवला. एके काळी यज्ञात गाय मारणाऱ्यांनी तिला पवित्र ठरवलं आणि जे मेलेल्या गाईचं मांस खात राहिले त्यांना अस्पृश्य ठरवलं. हे मांडणाऱ्या माणसाच्या नावाने कुणी आपल्याला शाकाहाराचं प्रवचन देत असेल तर त्याने पुस्तक उघडलेलं नाही.

म्हणून मी भूक आणि परंपरा यांची गल्लत करत नाही. आमच्या आजोबांनी ढोर ओढलं ते हौसेने नाही. चान्या वाळवून ठेवल्या त्या पावसाळ्यात घरात दाणा नसायचा म्हणून. त्यात गौरव करण्यासारखं काही नाही. पण त्या दारिद्र्यातही कुणीतरी, म्हणजे घरातल्या बाईने, वजडी खरवडून चार पाण्यांनी धुतली, कुठला मसाला कधी घालायचा ते ठरवलं, एवढ्याशा तेलात ती चवदार केली. ते कसब तिचं स्वतःचं होतं. सक्ती नाकारताना आपण तिचं कसबही लाजेने पुरून टाकलं, आणि सवर्णांना आयतं मोकळं मैदान मिळालं.

आणि आता तर कायदाच आहे. महाराष्ट्रात गोहत्येवर १९७६ च्या कायद्याने बंदी होती, २०१५ मध्ये बैल आणि वळूही त्यात आले. राज्याबाहेरून आणलेलं गोमांस जवळ बाळगणं गुन्हा ठरवणारं कलम मुंबई उच्च न्यायालयाने मे २०१६ मध्ये रद्द केलं, पण भीती रद्द झाली नाही. म्हशीचं मांस कायद्याने चालतं, तरी डबा उघडताना माणूस आजूबाजूला बघतो. अंबडच्या कारखान्यांत मराठवाड्यातून, खानदेशातून, बिहार-उत्तर प्रदेशातून आलेली पोरं शेजारीशेजारी मशीनवर उभी असतात आणि जेवणाच्या सुट्टीत वेगवेगळ्या कोपऱ्यांत जातात.

पण चेक लोकांचं कौतुक करून मी थांबलो तर ते अर्धं सत्य होईल. वर्ग संपत आला तेव्हा मी बाईंना विचारलं, तुमच्या देशातले रोमा लोक काय खातात? इतका वेळ मोकळेपणाने बोलणाऱ्या बाई एकदम सावध झाल्या. ‘त्यांचं वेगळं असतं,’ म्हणाल्या, आणि भांडी आवरायला लागल्या.

हे वाक्य मी ओळखतो. नाशिकमध्ये ते मराठीत ऐकलंय.

रोमांचे पूर्वज सुमारे हजार वर्षांपूर्वी उत्तर भारतातून गेले. त्यांच्या भाषेत पाण्याला पानी, मिठाला लोन, मांसाला मास म्हणतात. आतड्यात किसलेला बटाटा भरून ते गोया करतात, यीस्ट न घालता तव्यावर मारिक्ल्या भाजतात. ‘पारंपरिक चेक’ वर्गात यातलं काहीच नसतं. ऑस्ट्राव्हा शहरातल्या १८ रोमा मुलांना मतिमंदांसाठीच्या वेगळ्या शाळांत घातलं गेलं होतं. तो भेदभाव असल्याचा निकाल युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने १३ नोव्हेंबर २००७ रोजी दिला. दक्षिण बोहेमियात लेटी इथे दुसऱ्या महायुद्धात रोमांसाठी छळछावणी होती, नाझी राजवटीतली, पण पहारेकरी चेक होते. तीनशेहून जास्त माणसं तिथे मेली, शेकडोंना पुढे ऑशविट्झला पाठवलं. त्याच जागी १९७० च्या दशकात सरकारने मोठं डुक्करपालन केंद्र बांधलं. कित्येक वर्षांच्या आंदोलनानंतर ते विकत घेऊन पाडलं गेलं आणि २०२४ मध्ये तिथे स्मारक उघडलं. ज्या डुकराच्या चरबीत आम्ही कांदा परतला त्याचं परंपरेत इतकं मानाचं स्थान, आणि रोमांच्या मृतांच्या जागेला तेवढंही नाही. हंगेरीत साजोकाझा गावात रोमा कार्यकर्त्यांनी बाबासाहेबांच्या नावाने शाळा काढली, ‘जय भीम’ म्हणतात, ते उगाच नाही.

परत आल्यावर हे सगळं मी आमच्या वस्तीत बोललो, कारण १४ एप्रिलच्या भोजनाचा विषय निघाला होता. गेली काही वर्षं व्हेज पुलाव आणि जिलेबी असते, ‘सगळ्यांना चालतं’ म्हणून. सगळे म्हणजे कोण? जयंतीला येणाऱ्यांत पुलावाशिवाय ज्यांचं अडेल असे दहा-पंधरा पाहुणे आणि एक नगरसेवक. मी म्हटलं, पुलाव राहू द्या, पण शेजारी एक पातेलं वजडीचं ठेवा, आणि पाटीवर नाव लिहा. कमिटीतले दोघं लगेच म्हणाले, लोक काय म्हणतील, आपण आता सुशिक्षित झालोत. तरुण पोरांनी टाळ्या वाजवल्या. कोपऱ्यात बसलेल्या एक आजी मात्र वैतागल्या. त्यांचा प्रश्न पाटीचा नव्हता. चारशे माणसांची वजडी खरवडायची कुणी, म्हणाल्या. टाळ्या वाजवणाऱ्यांतले किती जण पहाटे चारला नळावर येणार?

त्यावर तासभर वाद झाला. प्रागमध्ये वजडी धुतलेली आली होती, ती कुणी धुतली हे आमच्यापैकी कुणीच विचारलं नव्हतं. शेवटी सात पोरांनी नावं दिली आहेत. आजींनी ती वहीत लिहून घेतली आहेत, सहीसकट.

जय भीम.