साथ

भिवंडीकरांना शांततेची सवय नसते; यंत्रमागांचा खडखडाट रात्रंदिवस चालूच असतो. परवा सायंकाळी वीज गेली, माग थांबले, आणि त्या स्तब्धतेत कन्येने आपल्या फोनवर एक जुनी ध्वनिमुद्रिका लावली. अमेरिकन पियानोवादक बिल एव्हान्स याने दोघा सहकाऱ्यांसह २८ डिसेंबर १९५९ रोजी न्यूयॉर्क येथील स्टुडिओत केलेली ही ‘पोर्ट्रेट इन जॅझ’. पियानो, डबल बेस व ड्रम, एवढीच वाद्ये.

गवयाने गावे व तबलजीने ठेका धरावा, हीच माझ्या कानास सवय. ‘ऑटम लीव्ह्ज’ ऐकताना मी विचारले, “अग, हा बेसवाला ठेका सोडून मध्येच काय बोलतो?”

“बाबा, तो बोलतो तेव्हा पियानो ऐकतो. येथे साथीदार कोणीच नाही.”

तो बेसवादक स्कॉट लाफारो तेव्हा अवघा २३ वर्षांचा होता. जुलै १९६१ मध्ये मोटार-अपघातात तो गेला. या तिघांनी स्टुडिओत केलेल्या ध्वनिमुद्रिका दोनच.

मी मात्र तीस वर्षे आमच्या घरातील मुख्य गवई! हे राहते घर विकून ठाण्यास जाण्याचे मी गेल्या महिन्यात ठरविले. पत्नीला तसे सांगितले होते, विचारले नव्हते.

वीज आली, माग पुन्हा सुरू झाले. मी स्वयंपाकघरात गेलो व म्हणालो, “घराविषयी तुला काय वाटते?”

उत्तर पुष्कळ लांबले. तव्यावरची पोळी करपली. पण मी मध्ये बोललो नाही.