ताटापुरता जावई

बस्टर कीटनचा १९२२ सालचा 'माय वाइफ्स रिलेशन्स' हा मूकपट अर्ध्या तासाचाही नाही. रस्त्यावरच्या भांडणातून एक बाई कीटनला न्यायाधीशापुढे ओढत नेते. न्यायाधीशाला कळते फक्त पोलिश. तो वाट पाहत असतो वेगळ्याच जोडप्याची, आणि या दोघांचेच लग्न लावून मोकळा होतो. घरी धिप्पाड मेहुण्यांची फौज. जेवायला बसले की मांसावर सगळे तुटून पडतात, नव्या जावयाच्या ताटात काही उरत नाही. मग तो भिंतीवरच्या कॅलेंडरवर शुक्रवार आणतो. शुक्रवारी मांस वर्ज्य मानणारी कॅथलिक मंडळी ते टाकून देतात आणि हा पोटभर जेवतो. पुढे त्याच्याकडे एक लाख डॉलरच्या वारशाचे पत्र सापडते, तसा हाच जावई सगळ्यांचा लाडका होतो. पत्र मात्र दुसऱ्याचेच.

सांगवीत राहून हे पाहताना मला हसता हसता गलबलून येते. इथून पोरे चाकणच्या, भोसरीच्या कारखान्यांत जातात. सोयरीक निघाली की पहिला प्रश्न, "पर्मनंट आहे का?" कॉन्ट्रॅक्टवर असेल तर पाहुणे चहा घेऊन उठतात. तोच मुलगा पर्मनंट झाला की पोह्यांचा आग्रह सुरू. मुलीच्या आईने घरभाडे, फ्लॅटचे हप्ते बघू नयेत असे मी कधीच म्हणणार नाही. सोय बघणे हे प्रेमच असते. पण कागदावर माणसाची किंमत चढते-उतरते, तेव्हा पोटात तुटते.

देवलांच्या 'संगीत शारदा' नाटकात, १८९९ साली, पैशासाठी कोवळी शारदा म्हाताऱ्या भुजंगनाथाला द्यायला निघाले होते. कीटनच्या मूकपटात वयाचे पारडे उलटे आहे: बायको झालेली केट प्राइस पन्नाशीची, कीटन सव्वीसचा. देवलांनी शारदेला तिचे दुःख बोलायला दिले. केट प्राइसच्या वाट्याला फक्त हसे आले, आणि या चित्रपटाचे मला हेच पटत नाही. चुकून लग्न तिचेही झाले होते. कीटन शेवटी रेनोच्या, म्हणजे तेव्हा घटस्फोटासाठी गाजलेल्या शहराच्या, गाडीने सुटतो. तिचे काय झाले, हे कुणी दाखवत नाही.

तुमच्या घरी बघण्याचा कार्यक्रम असेल, तर पगार विचारून झाल्यावर मुलीला एकटीला बाजूला घ्या आणि विचारा, "तुला हा मुलगा हवा आहे का?" मग मुलालाही विचारा.