निशाणी ५

पिंपळवंडीसारख्या गावात दिवाणी दावा म्हटला की बांध, वहिवाटीचा रस्ता, सामाईक विहीर, नाहीतर भावकीतलं वाटप. जुन्नरच्या कोर्टात दावा दाखल होतो, सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज. वकील, कारकून, पक्षकार सगळे त्याला निशाणी ५ म्हणतात. निकाल लागेपर्यंत नांगर कुणी धरायचा, ते इथेच ठरतं. आणि तो निकाल कधी कधी पुढची पिढी ऐकते.

*

निकष तीन: प्रथमदर्शनी केस, सोयीचा समतोल, भरून न येणारं नुकसान. बरेच अर्ज तिसऱ्यावर पडतात. गेलेल्या कांद्याची भरपाई रुपयांत मागता येते. बुजवलेल्या विहिरीची कशी मागणार?

*

अर्ज फेटाळला की जो तो म्हणतो, "वर जाऊ." जाता येतं, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३, नियम १(आर) खाली अपील आहे. पण जिल्हा न्यायाधीश फाइल नव्याने तोलायला बसत नाहीत. आपण त्या खुर्चीत असतो तर काय केलं असतं, हे ते विचारत नाहीत. खालच्या न्यायाधीशांचं मत कायद्याला धरून, पुराव्यावरून निघू शकतं ना, एवढंच पाहतात.

हे सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली वाँडर विरुद्ध अँटॉक्स या निकालात सांगितलं. वाद होता कॅल्शियमच्या गोळ्यांच्या नावाचा. मद्रास उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी मनाई नाकारली, खंडपीठाने दिली, आणि दिल्लीत खंडपीठाचा हुकूम उडाला. २०१३ मध्ये मुंबईतल्या एका ताब्याच्या वादातही तसंच झालं. गोळ्यांचा न्याय आज आपल्या बांधाला लागतो.

*

मग अपिलात हात कधी घालतात? हुकूम मनमानी, लहरी किंवा पुराव्याशी विपरीत असेल, किंवा ठरलेली तत्त्वं डावलली असतील तर. म्हणजे सातबाऱ्यावरची पीकपाहणी दाखल आहे आणि हुकुमात तिचा शब्द नाही, असं काही.

*

मला हे तत्त्व पटतं. नाहीतर प्रत्येक निशाणी ५ दोनदा चालेल आणि मूळ दावा कपाटात पडून राहील. पण "दोन्ही बाजू ऐकल्या, अर्ज नामंजूर" एवढ्यावर संपणाऱ्या हुकुमाला हे संरक्षण मिळू नये. कारणंच नाहीत, तर विवेक वापरला हे दिसणार कशात?

*

एकतर्फी मनाईची गोष्ट वेगळी. नोटिशीविना द्यायची तर कारणं लिहावी लागतात, आणि ३० दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करावा लागतो.

*

अपिलानंतर दुसरं अपील नाही. कलम १०४(२) ते बंद करतं. उरतो उच्च न्यायालयात राज्यघटनेचा अनुच्छेद २२७. ते दार आणखी अरुंद.

*

म्हणून मोजणीचा नकाशा, पीकपाहणीचे उतारे, शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रं अपिलासाठी राखून ठेवू नका. निशाणी ५ च्या सुनावणीआधी दाखल करा.