सात गाड्या आणि एक स्टेप

गॅदरिंगला डीजे लागला की आपण जी संथ स्टेप करतो, ती भगवानदादांची! मी पडलो कॉन्व्हेंटवाला, मला मायकेल जॅक्सन पाठ. दादा आपल्या वाशीमशेजारच्या अमरावतीत १९१३ साली जन्मले, हे आजोबांनी सांगितलं. गिरणी कामगाराचा हा मुलगा १९५१ च्या 'अलबेला'ने स्टार झाला. जुहूला बंगला, सात वारांच्या सात गाड्या! पुढे सिनेमे पडले, सगळं विकलं. २००२ मध्ये दादरच्या चाळीत गेले. पण त्या चाळीतही सी. रामचंद्र, ओमप्रकाश त्यांना भेटायला यायचे.

आमचा एक सिनियर अशाच झोकात पार्ट्या भरवायचा. आता डोक्यावर कर्ज, फोन उचलत नाही. रविवारी त्याच्या रूमवर चहाला चाललोय. येताय ना?