‘तमस’ला संगीत देणारा माणूस

१९८८ सालच्या जानेवारीतली गोष्ट. आमच्या चाळीत रंगीत टीव्ही एकाच घरी. शनिवारी रात्री जेवणे आटोपली की पंचवीस-तीस माणसे त्या दहा बाय बाराच्या खोलीत दाटीवाटीने बसायची. दूरदर्शनवर ‘तमस’ लागायची.

त्यातला नत्थू जातीने चांभार. ठेकेदार त्याच्या हातावर पाच रुपये ठेवतो आणि डॉक्टरसाहेबांना हवे म्हणून डुक्कर मारायला सांगतो. रात्रभर बिचारा त्या कोठडीत जनावराशी झटतो. पुढे तेच डुक्कर मशिदीच्या पायरीवर सापडते आणि दंगल उसळते. आमचे दादा तेवढे पाहून म्हणाले, “सांगणारा नामानिराळा, आणि करणारा जन्मभर गुन्हेगार.” बाकी कोणी बोलले नाही.

मालिकेच्या सुरुवातीला एक आर्त हाक यायची. पोरे आयांना बिलगायची. ती हाक कोणाच्या डोक्यातून आली, हे आम्ही कधी विचारले नाही. ओम पुरी ठाऊक, गोविंद निहलानी ठाऊक. संगीतकार वनराज भाटिया हे नाव मात्र आम्हाला फार उशिरा कळले. ‘तमस’च्या संगीतासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता.

भाटिया मुंबईचेच, जन्म १९२७ चा. लंडनच्या रॉयल अकॅडमीत आणि पुढे पॅरिसला नादिया बुलांजे यांच्याकडे पाश्चात्त्य संगीत शिकून आले. एवढ्या शिक्षणावर मुंबईत पोट कसे भरणार? त्यांनी जाहिरातींना चाली लावल्या. लिरिल साबणाची चाल त्यांचीच. अशा जाहिराती सात हजारांच्या घरात भरतात असे सांगतात. मध्ये काही वर्षे दिल्ली विद्यापीठात शिकवले. सिनेमा आला तो श्याम बेनेगलांच्या ‘अंकुर’पासून, १९७४ मध्ये, म्हणजे वयाच्या सत्तेचाळिशीत. त्यानंतर ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’, आणि टीव्हीवर ‘खानदान’, ‘भारत एक खोज’.

पार्श्वसंगीताचे काम मोठे किचकट. सिनेमा जोडून तयार झाला की संगीतकार तो पुन्हा पुन्हा पाहतो. कुठे वाजवायचे, किती सेकंद, कुठे गप्प बसायचे, हे टिपून घेतो. मग वादक स्टुडिओत बसून बरोबर तेवढ्याच वेळात वाजवतात. आणि काम जितके चांगले तितके ते कोणाच्या ध्यानात येत नाही! आम्हाला यात गटारे साफ ठेवणारी आमचीच माणसे आठवतात. तुंबले तरच त्यांची आठवण.

२०१९ मध्ये बातमी आली की बँकेत पैसा नाही, गुडघे गेलेले, आणि बाव्वण्ण नव्हे, ब्याण्णव वर्षांचे भाटिया घरातल्या वस्तू विकून दिवस काढीत आहेत. २०१२ ची पद्मश्री घरात होती, पण पद्मश्रीला पेन्शन नसते. त्या काळी संगीतकाराला काम संपले की एकरकमी पैसे देत, आणि चाल निर्मात्याची होई. १९७७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानेही निर्मात्यांचीच बाजू भक्कम केली. रॉयल्टीचा हक्क सोडून देता येणार नाही असा बदल कायद्यात झाला तो २०१२ साली. तोवर त्यांची उमेदीची वर्षे सरली होती. बातमीनंतर मदत पुढे आली खरी. ७ मे २०२१ रोजी ते गेले.

आमच्या वस्तीतल्या गायन पार्टीचे पेटीवाले, ढोलकीवाले आम्हाला ठाऊक आहेत. रात्रभराची बिदागी घेतली की हिशेब संपला. कॅसेट हजारो खपली तरी त्यांच्या हाती काही नाही. परदेशात शिकलेल्या माणसाचेही तेच झाले, याचे आम्हाला नवल वाटले, आणि थोडी भीतीही.

२०२४ च्या जूनमध्ये ‘मंथन’ नव्याने थिएटरात लागला. गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपये काढून केलेला हा १९७६ चा सिनेमा. दूध सोसायटीच्या निवडणुकीत दलितांचा माणूस निवडून येतो, आणि मग वस्ती जळते. आम्ही आईला घेऊन गेलो. गाणे सुरू झाले तशी ती म्हणाली, “अगं बाई, हे तर दुधाच्या जाहिरातीतलं!”

आम्ही तिला पडद्यावरचे नाव वाचून दाखवले. “कोण रे हा?” तिने विचारले. इंटर्व्हलमध्ये आम्ही तिला नत्थूची आणि त्या हाकेची आठवण करून दिली.