परतीचे सूर
कामथडीला एस.टी.ची वाट पाहताना वरातीचा बँड ऐकला आणि सेमिनरीतला एक सोबती आठवला. तो ट्रम्पेटवर 'व्हेन द सेंट्स गो मार्चिंग इन' वाजवी. "हे पवित्र संगीत नव्हे," म्हणून मी त्याला दटावले होते. ते मुळात अमेरिकेतील कृष्णवर्णीय ख्रिस्तीजनांचे भक्तिगीत. न्यू ऑर्लिन्समध्ये अंत्ययात्रेत जाताना ते संथ आणि परतताना उल्हासाने वाजवीत. १९३८ साली लुई आर्मस्ट्राँगने ते ध्वनिमुद्रित केले. आपल्याकडेही चर्चच्या शाळांत सूर शिकलेल्या गोमंतकीयांनीच मुंबईत जॅझ रुजवले. हळदोण्याचे चिक चॉकलेट त्यांतलेच.

पुढे त्या सोबत्याच्या दफनाहून आम्ही मुकाट्याने परतलो. पुनरुत्थानावर प्रवचने करणाऱ्या मला त्या वाटेवर एकही सूर सुचला नाही.